वीज, कापूस आणि कंपनीचे गाव

वर्धा जिल्ह्यात अ‍ॅल्युमिनियमची भट्टी कधी पेटली नाही. इथल्या जमिनीत बॉक्साइट नाही, वर्धा नदीवर भट्टी चालवण्याजोगे जलविद्युत केंद्र नाही, आणि शेजारच्या चंद्रपूरच्या कोळशावर तयार होणारी वीज राज्याच्या जाळ्यात जाते. तरीही अ‍ॅल्युमिनियम उद्योगाने जगभर उभारलेल्या कंपनी-वसाहतींचा हिशेब मांडायचा, तर हा जिल्हा फार सोयीचा आहे. हिंगणघाट आणि पुलगाव ही गिरण्यांची दोन गावे इथे आहेत. पुलगावलाच लष्कराचे अवाढव्य दारूगोळा भांडार आहे. वर्धा शहरातल्या मगनवाडीत मोठ्या कारखानदारीवरची सर्वांत विचारपूर्वक टीका लिहिली आणि जगली गेली. कंपनीचे गाव म्हणजे ज्या गावात घर, पाणी, दवाखाना, शाळा आणि पुष्कळदा किराणा दुकानही एकाच मालकाच्या हातात असते ते गाव. अशी गावे काही ठिकाणी उगवतात आणि काही ठिकाणी कितीही गिरण्या आल्या तरी उगवत नाहीत. याची दोन ठरलेली उत्तरे दिली जातात. कंपनीच्या गौरवग्रंथांत लिहिलेले असते की संस्थापक द्रष्टा होता. कामगार चळवळीच्या पत्रकांत लिहिलेले असते की मालकाला कामगार मुठीत ठेवायचा होता. दोन्ही उत्तरे मालकाच्या मनात शिरतात, आणि तिथे पुरावा सापडणे कठीण असते. कारखान्याला लागणारी मुख्य वस्तू कोणत्या वाटेने येते हे तपासले, तर जास्त हाती लागते. ती वस्तू खुल्या बाजारातून शेकडो हातांतून येत असेल, तर गावही शेकडो हातांत राहते. ती एका धरणातून, एका खाणीतून, एका करारातून येत असेल, तर गाव बहुधा त्याच करारामागोमाग येते.

अ‍ॅल्युमिनियमच्या बाबतीत ती वस्तू म्हणजे वीज. बॉक्साइट पृथ्वीवर विपुल आहे, पण त्यातला धातू ऑक्सिजनला इतका घट्ट धरून असतो की लोखंडासारखा कोळशाच्या भट्टीत तो सुटत नाही. १८२०च्या दशकात अर्स्टेड आणि व्होलर यांनी त्याचे कण वेगळे काढले, १८५४ मध्ये फ्रान्सच्या सेंत-क्लेर देव्हिल यांनी तो जरा मोठ्या प्रमाणावर बनवला, पण सोडियमसारखा महागडा पदार्थ वापरून. खरा बदल १८८६ मध्ये झाला. अमेरिकेत चार्ल्स हॉल आणि फ्रान्समध्ये पॉल एरू या दोन तरुणांनी एकमेकांना न ओळखता एकच रीत शोधली: वितळलेल्या क्रायोलाइटमध्ये अ‍ॅल्युमिना विरघळवायचा आणि त्यातून विजेचा प्रचंड प्रवाह सोडायचा. दोनच वर्षांनी कार्ल बायर यांनी बॉक्साइटपासून शुद्ध अ‍ॅल्युमिना मिळवण्याची पद्धत दिली आणि उद्योगाचा सांगाडा पूर्ण झाला. तो अजून बदललेला नाही. ढोबळ हिशेबाने चार टन बॉक्साइटचा दोन टन अ‍ॅल्युमिना होतो आणि त्यातून एक टन धातू निघतो. या शेवटच्या पायरीला आधुनिक कारखान्यातही तेरा ते पंधरा हजार युनिट वीज लागते. महिन्याला शंभर युनिट वापरणाऱ्या घराला इतकी वीज अकरा-बारा वर्षे पुरेल. शिवाय ही वीज क्षणभरही थांबून चालत नाही. काही तास पुरवठा खंडित झाला तर भांड्यातला वितळलेला द्राव गोठतो आणि ती भांडी पुन्हा सुरू करणे म्हणजे अर्धा कारखाना नव्याने उभारण्यासारखे काम होऊन बसते.

या एका गुणधर्मातून पुढचे सारे निघाले. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात वीज दूरवर नेणे महाग होते आणि स्वस्त वीज धबधब्यांपाशी, म्हणजे वस्ती नसलेल्या दऱ्याखोऱ्यांत होती. शहरे धबधब्यांकडे जाणार नव्हती, तेव्हा कंपन्यांनी तिथे शहरे बांधली. स्कॉटलंडमधले किनलॉखलेव्हन, अमेरिकेच्या टेनेसी राज्यातले, कंपनीचेच नाव मिरवणारे अल्कोआ, कॅनडाच्या क्युबेक प्रांतातले आर्विडा ही त्याची ठळक उदाहरणे. आर्विडाला तर कंपनीचे अध्यक्ष आर्थर व्हायनिंग डेव्हिस यांच्या नावाचे तुकडे जोडून नाव दिलेले. १९२६ मध्ये तिथे १३५ दिवसांत २७० घरे उभी राहिली, आणि तीही एकसारखी ठोकळेबाज नव्हेत, निरनिराळ्या आराखड्यांची. दुसऱ्या महायुद्धात जगातला सर्वांत मोठा अ‍ॅल्युमिनियम कारखाना याच गावात होता, आणि १९४१ मध्ये हजारो कामगारांनी संप करून भट्ट्या थंड पडू दिल्या तेव्हा सरकारला घातपाताचा संशय येऊन सैन्य पाठवावे लागले. टेनेसीच्या अल्कोआत गोऱ्या आणि काळ्या कामगारांच्या वस्त्या आखतानाच वेगळ्या ठेवल्या होत्या. नियोजन उत्तम असणे आणि न्याय असणे या दोन गोष्टी किती वेगळ्या आहेत, हे या उद्योगाने फार लवकर दाखवले.

भारतात हा धातू आधी भांड्यांच्या रूपाने आला. १८९८ च्या सुमारास मद्रासच्या कलाशाळेत आल्फ्रेड चॅटर्टन यांनी आयात पत्र्यापासून भांडी घडवून घ्यायला सुरुवात केली आणि पुढच्या तीन-चार दशकांत जर्मलची भांडी गरिबाघरी तांब्या-पितळेच्या शेजारी येऊन बसली. धातू देशात बनू लागला तो दुसऱ्या महायुद्धात. कॅनडाच्या आर्विडाशी नाते सांगणाऱ्या समूहातून १९३८ मध्ये इंडियन अ‍ॅल्युमिनियम कंपनी, म्हणजे इंडाल, निघाली आणि १९४३ मध्ये केरळातल्या आलुव्याजवळ अलुपुरम इथे तिची पहिली भट्टी सुरू झाली. तिथे ना बॉक्साइट होते ना अ‍ॅल्युमिना. अ‍ॅल्युमिना जहाजाने कॅनडातून यायचा. केरळ निवडण्याचे कारण पल्लिवासलची ताजी जलविद्युत. स्वातंत्र्यानंतर हाच साचा मोठ्या आकारात दिसतो. महानदीवर हिराकुड धरण झाले आणि १९५९ मध्ये तिथे इंडालची भट्टी आली. रिहंद धरण झाले आणि घनश्यामदास बिर्लांच्या हिंदाल्कोने, अमेरिकेच्या कैसर कंपनीच्या सहकार्याने, १९६२ मध्ये रेणुकूटला वीस हजार टन क्षमतेचा कारखाना चालू केला. धरणाच्या विजेचा दीर्घ मुदतीचा, अत्यंत स्वस्त दराचा करार हाच त्या कारखान्याचा खरा पाया होता. पुढे सरकारी वीज अपुरी पडू लागली तेव्हा कंपनीने १९६७ मध्ये रेणूसागर हे स्वतःचे केंद्र काढले. मेट्टूर धरणापाशी माल्को आली, कोळशाच्या कोरब्यात सरकारी बाल्को आली, ओडिशाच्या अंगुलला नाल्को. प्रत्येक ठिकाणी आधी वीज, मग भट्टी, मग वसाहत हा क्रम ठरलेला. वसाहत ही औदार्याची खूण वाटते. वास्तविक ती भट्टीच्या सामानाच्या यादीतलीच एक बाब होती, कारण जिथे गावच नाही तिथे तिन्ही पाळ्यांचा कामगार राहणार कुठे?

महाराष्ट्राचा अनुभव या क्रमाला उलट बाजूने पुष्टी देतो. आपल्याकडे बॉक्साइट आहे, कोल्हापूरच्या सह्याद्री माथ्यावर, राधानगरी, शाहूवाडी, चंदगड या तालुक्यांत. आणि १९६०च्या दशकात कोयनेची वीजही होती. १९६५ मध्ये बाल्कोची स्थापना झाली तेव्हा कोरब्याबरोबर कोयनेचा प्रकल्पही विचारात होता. पुढे तो रत्नागिरीकडे सरकला, जमीन संपादित झाली, पण भट्टी आली नाही. कोयनेची वीज मुंबई-पुण्याच्या कारखान्यांना आणि घरांना हवी होती आणि त्या मागणीपुढे एका धातूचा हट्ट टिकणे शक्य नव्हते. रत्नागिरीची ती जमीन कित्येक वर्षे लोकांच्या तोंडी अ‍ॅल्युमिनियम प्रकल्पाची जमीन म्हणूनच राहिली. कोल्हापूरचे बॉक्साइट मग सीमा ओलांडून बेळगावला गेले. तिथे इंडालने १९६९-७० च्या सुमारास अ‍ॅल्युमिना शुद्धीकरण आणि भट्टी दोन्ही उभारले. पण बेळगाव हे जुने, नांदते शहर. कंपनीची वसाहत झाली ती शहराच्या कडेला, शहराच्या जागी नव्हे. आणि कर्नाटकातली वीज कमी पडू लागली, दर वाढले, तेव्हा भट्टी बंद झाली. शुद्धीकरणाला उष्णता लागते पण भट्टीइतकी वीज लागत नाही, म्हणून तो भाग टिकला आणि आज हिंदाल्कोच्या नावाने चालतो. भट्टी गेली म्हणून बेळगाव हलले नाही. १९८९ मध्ये अ‍ॅल्युमिनियमच्या संशोधनाची राष्ट्रीय संस्था नागपूरजवळ वाडीला निघाली, म्हणजे विदर्भाला या धातूची प्रयोगशाळा मिळाली, भट्टी नाही. यात विदर्भावर झालेल्या अन्यायाची नेहमीची फिर्याद वाचण्याचा मोह होतो. पण कोरब्याला कोळसा आणि अमरकंटकचे बॉक्साइट अशा दोन्ही गोष्टी हाताशी होत्या, चंद्रपूरला फक्त एक. फिर्यादी पुष्कळ आहेत. ही त्यांतली नव्हे.

आता वर्धा जिल्हा. इथली मुख्य वस्तू कापूस, आणि कापूस ही विजेच्या अगदी उलट स्वभावाची चीज आहे. ती साठवता येते, गाडीत घालून नेता येते, हजार शेतकरी ती पिकवतात आणि पाच-पन्नास अडते, दलाल, जिनवाले ती हाताळतात. गिरणी येण्याच्या कितीतरी आधी हिंगणघाट ही वणा नदीकाठची कापसाची पेठ होती. अमेरिकेतल्या यादवी युद्धाने लँकेशायरचा कापूस तोडला तेव्हा इथला लांब धाग्याचा बणी कापूस लिव्हरपूलच्या बाजारात हिंगणघाट याच नावाने ओळखला जाई. मध्य प्रांत आणि वऱ्हाडचे कापूस आयुक्त हॅरी रिव्हेट-कार्नाक यांच्या अहवालांत या कापसाची स्तुती आणि त्यात होणाऱ्या भेसळीची तक्रार दोन्ही आहेत. पुढे जास्त उत्पन्न देणाऱ्या आखूड धाग्याच्या जरी कापसाने बणीला शेतातून हुसकले. हा निर्णय कोणत्याही कंपनीने घेतला नाही. तो शेतकऱ्याने, व्यापाऱ्याच्या दराकडे बघून, घेतला. जिल्ह्याच्या अर्थव्यवस्थेचे सुकाणू कोणाकडे होते ते या एका गोष्टीवरून कळते. १८६७ मध्ये भुसावळ-नागपूर रेल्वे पूर्ण झाली, १८७०च्या दशकात वर्ध्याहून हिंगणघाटमार्गे वरोऱ्याच्या कोळसा खाणीपर्यंत फाटा गेला. कापूस आणि कोळसा असे एकाच रुळावर आले, आणि १८८०च्या दशकाच्या आरंभी बन्सीलाल अबीरचंद यांच्या पेढीची गिरणी हिंगणघाटात उभी राहिली. मागून मोहोता घराण्याची गिरणी आली. दोन्ही घराणी मुळात सावकारी आणि व्यापाराची, म्हणजे बाजाराच्या आतलीच माणसे. त्यांनी गिरणी काढली ती बाजारात, बाजाराच्या शेजारी. कामगारांसाठी काही चाळी झाल्या, पण बहुतेक कामगार गावात भाड्याने किंवा भोवतालच्या खेड्यांत राहिला. वाणी, न्हावी, शिंपी, दारूचा गुत्ता, वाचनालय हे सारे गिरणीच्या फाटकाबाहेर आणि गिरणीच्या परवानगीशिवाय चालत होते.

पुलगाव हा अधिक अवघड दाखला आहे आणि माझ्या मांडणीवरचा पहिला आक्षेप तिथूनच येतो. पुलगाव ही जुनी पेठ नव्हे. वर्धा नदीवर रेल्वेचा पूल झाला, स्टेशन आले, जिनिंग-प्रेसिंग आली, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कापड गिरणी आली, आणि गाव वाढले. गिरणीच्या भोंग्यावर दिवस ठरणारे गाव. मग याला कंपनीचे गाव का म्हणू नये? कारण स्टेशन एका कंपनीचे, गिरणी दुसऱ्याची, जिन तिसऱ्या-चौथ्याची आणि जमीन अनेकांची होती. १९१७ मध्ये पुलगाव-आर्वी अरुंद मार्गाची गाडी सुरू झाली तीही वेगळ्याच खासगी रेल्वे कंपनीची. आर्वीचा कापूस या गाडीने पुलगावला उतरे आणि तिथून गिरणीत जावे की मुंबईला, हे दर ठरवी. गिरणीला गावावर राज्य करायचे असते तर आधी या गाडीवर करावे लागले असते. गाव नवे की जुने हा प्रश्न त्यामुळे गौण ठरतो. आर्विडाही नवे आणि पुलगावही नवे, पण आर्विडात धरण, भट्टी आणि घर यांचा धनी एक होता.

या मांडणीची सर्वांत स्वच्छ कसोटी एकाच मालकाच्या दोन उद्योगांत सापडते, आणि ती वर्ध्याच्या अंगणातच आहे. जमशेटजी टाटांनी १ जानेवारी १८७७ रोजी नागपुरात एम्प्रेस मिल सुरू केली, कारण कापूस जवळ, वरोऱ्याचा कोळसा जवळ आणि रेल्वे दारात. व्यवस्थापक बेझनजी मेहता रेल्वेतून आलेले. कामगारांसाठी निवृत्तिवेतन निधी १८८६ मध्येच, म्हणजे कायद्याने कोणी भाग पाडण्याच्या कितीतरी आधी. इतका पुढचा विचार करणारा मालक, तरी नागपूर टाटानगर झाले नाही. याच जमशेटजींनी १८८२ मध्ये चांदा जिल्ह्यातल्या लोहाऱ्याच्या लोहखनिजावरचा एका जर्मन तज्ज्ञाचा अहवाल वाचला आणि वरोऱ्याच्या कोळशावर पोलाद करण्याचे मनात घेतले. कोळसा त्या कामाचा निघाला नाही, परवान्याच्या अटीही जाचक होत्या, बेत बारगळला. त्यांच्या मृत्यूनंतर तो साकचीला पुरा झाला. तिथे खनिज, कोळसा, चुनखडी आणि पाणी एकाच कंपनीच्या करारांखाली आले, आणि तिथे जमशेदपूर झाले, ज्याला शतक उलटून गेल्यावरही निवडून आलेली महानगरपालिका नाही. मालक तोच, दृष्टी तीच, निवृत्तिवेतनाची बुद्धी तीच. बदलली ती कच्च्या मालाची वाट. वरोऱ्याचा कोळसा पोलादाला चालला असता तर वर्ध्यापासून दोन तासांच्या अंतरावर भारतातले सर्वांत मोठे कंपनी-शहर असते आणि हा लेख उलट्या बाजूने लिहावा लागला असता. खुद्द वरोऱ्याची ती खाण १९०६ मध्ये बंद पडली.

दुसरा आक्षेप मराठी वाचकाच्या मनात आपोआप येईल: किर्लोस्करवाडी आणि वालचंदनगर यांचे काय? नांगर आणि साखर या तर बाजारातल्याच वस्तू. पण नीट पाहिले तर दोन्ही उदाहरणे माझ्याच बाजूची निघतात. लक्ष्मणराव किर्लोस्करांना १९१० मध्ये बेळगावातली जागा सोडावी लागली आणि औंध संस्थानाच्या अधिपतींनी कुंडलजवळचा निवडुंगाचा माळ दिला. तिथे दुर्मीळ वस्तू होती ती जागा आणि राजाश्रय, आणि ती एकाच हातातून आली. वालचंदनगरची गोष्ट तर आणखी बोलकी आहे. ऊस तोडल्यावर काही तासांतच चरकात जायला हवा, नाहीतर साखर उतरते. म्हणून १९३०च्या दशकात वालचंद हिराचंदांच्या कारखान्याने शेतकऱ्याकडून ऊस विकत घेण्याऐवजी हजारो एकर जमीन स्वतः कसायला घेतली. शेत, कालव्याचे पाणी, कारखाना सगळे एका हातात, आणि गाव त्यांच्या मागोमाग. पुढे जमीनधारणेच्या कायद्याने ती शेते शेती महामंडळाकडे गेली आणि भोवती सहकारी कारखाने निघाले, ज्यांत ऊस हजारो सभासदांकडून येतो. साखर तीच, यंत्रे तीच, पण सहकारी कारखान्याच्या गावात संचालक मंडळाची निवडणूक हरता येते. कंपनीच्या गावात हरण्याजिंकण्याला काही नसते.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार आहे आणि त्याला अर्धेच उत्तर देता येईल. कंपनीच्या गावाने कामगाराला जे दिले ते बाजारपेठेच्या गावाने कधी दिले नाही. रेणुकूट किंवा कोरब्याच्या वसाहतीत पक्के घर, चोवीस तास पाणी, दवाखाना, मुलांना बरी शाळा. हिंगणघाटच्या गिरणी कामगाराला यातले किती मिळाले? चाळीतली एक खोली, सार्वजनिक नळावरची रांग, आणि बदली कामगार असला तर तेवढेही नाही. बाजाराच्या स्वातंत्र्याचे गुणगान अशा खोलीत बसून करता येत नाही, हे कबूल करायलाच हवे. आक्षेपाचा हा भाग खरा आहे. पण कंपनीची सोय ही नोकरीला जोडलेली असते. निवृत्त झाला, काढून टाकला, संपात गेला, की घरही जाते. अमेरिकेत पुलमन कंपनीच्या गावात १८९४ मध्ये पगार कापला गेला आणि भाडे मात्र तसेच राहिले. त्यातून झालेला संप देशभर पसरला आणि चार वर्षांनी तिथल्या न्यायालयाने कंपनीला ते गाव विकायला लावले. शिवाय वसाहतीच्या कुंपणाबाहेर नेहमी दुसरे एक गाव उभे राहते, कंत्राटी कामगारांचे आणि धरणात जमीन गेलेल्यांचे. रिहंदच्या जलाशयाने उठवलेली हजारो कुटुंबे रेणुकूटच्या वसाहतीत राहायला आली नाहीत. वसाहतीतल्या सोयींची सरासरी काढताना ही कुटुंबे छेदात धरली जात नाहीत, म्हणून ती सरासरी इतकी चांगली दिसते.

आणि भट्टी बंद पडली की काय होते, हा प्रश्न उरतोच. २००१ मध्ये सरकारने बाल्कोचे ५१ टक्के भाग स्टरलाइटला विकले तेव्हा कोरब्यात ६७ दिवस संप झाला. कामगारांना भीती केवळ नोकरीची नव्हती. मालक बदलला की घर, दवाखाना आणि शाळा यांचाही मालक बदलत होता. मेट्टूरची भट्टी २००८ च्या अखेरीस बंद झाली. आता हिंगणघाट-पुलगाव पाहा. बन्सीलाल अबीरचंद गिरणी १९७४ च्या कायद्याने राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळाकडे गेली आणि तरी वाचली नाही. पुलगावची गिरणी या शतकाच्या सुरुवातीला थांबली. कामगारांची देणी, गिरणीच्या जमिनी, न्यायालयातली प्रकरणे ही रडकथा मुंबईहून वेगळी नाही, फक्त तिच्यावर नाटक-सिनेमे निघाले नाहीत. एका पिढीचे आयुष्य त्यात गेले. पण गावे राहिली. हिंगणघाटला कापूस येत राहिला, नव्या सूतगिरण्या निघाल्या, सोयाबीनचे तेल निघू लागले, बाजार समिती विदर्भातल्या मोठ्या समित्यांपैकी एक राहिली. नगरपालिका एकोणिसाव्या शतकापासूनची होती, ती गिरणीवर अवलंबून नव्हती. तिचा कारभार चांगला होता असा याचा अर्थ मुळीच नाही. नळाला पाणी आले नाही तर तिथे नगरसेवकाच्या दारावर थाप मारता येते, एवढाच आहे.

या जिल्ह्यात कंपनी-गावाच्या कल्पनेला तात्त्विक उत्तरही दिले गेले. १९३४ च्या डिसेंबरात अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ स्थापन झाला, जमनालाल बजाजांनी दिलेल्या मगनवाडीत त्याचे काम सुरू झाले आणि जे. सी. कुमारप्पा त्याचे चालक झाले. घाणी, हातकागद, मधमाश्या, वनस्पतितेलावर चालणारा मगनदीप अशी तिथली कामे. १९३८ मध्ये मगन संग्रहालय उघडले. कुमारप्पांनी पुढे जबलपूरच्या तुरुंगात लिहिलेल्या ‘इकॉनॉमी ऑफ पर्मनन्स’मध्ये साठ्यावर जगणारी अर्थव्यवस्था आणि प्रवाहावर जगणारी अर्थव्यवस्था असा भेद केला: खाणीतला कोळसा, लोखंड, तेल हा साठा, वापरला की संपणारा, शेती, जंगल, वाहते पाणी हा प्रवाह. अ‍ॅल्युमिनियमला हा भेद लावला की तो थोडा अडखळतो. धरणावरची भट्टी तर प्रवाहावरच चालते, आणि हा धातू पुन्हा वितळवायला मूळ विजेचा अगदी थोडा अंश पुरतो. साठा-प्रवाहाच्या मोजपट्टीने आर्विडा जवळजवळ निर्दोष सुटेल. कुमारप्पांची दुसरी मोजपट्टी, केंद्रीकरणाची, इथे जास्त उपयोगी आहे. नदी वाहती असली तरी तिचा करार एकाच सहीने झालेला असतो. मगनवाडीचे उद्योग छोटे होते म्हणून नव्हे, तर तीळ, चिंध्या आणि मोहोळ कोणा एकाला कुलूपबंद करता येत नाहीत म्हणून त्यांच्यातून कंपनीचे गाव निघणे अशक्य होते. एक खोच मात्र नोंदवायला हवी. मगनवाडी बजाजांची आणि गांधींनी जिथे सेवाग्राम आश्रम केला त्या सेगावची मालगुजारीही बजाजांकडची. म्हणजे ग्रामस्वराज्याचा प्रयोगही एका धनिकाच्या जमिनीवर उभा होता. गांधींचे दुसरे मोठे आश्रयदाते बिर्ला, ज्यांनी पुढे रेणुकूट वसवले. एकाच वर्तुळातल्या दोन दात्यांनी दोन विरुद्ध टोकांची गावे पोसली, ही भारतीय भांडवलशाहीची खास आपली करामत.

जिल्ह्यात कंपनीच्या गावाशी खऱ्या अर्थाने साम्य असलेली वस्ती एकच आहे आणि ती सरकारची आहे: पुलगावचे केंद्रीय दारूगोळा भांडार, देशातले सर्वांत मोठे. हजारो एकरांचे कुंपण, आतल्या वसाहती, आपली शाळा, आपला दवाखाना, आपली अग्निशमन व्यवस्था. मुख्य वस्तू एका हातात, म्हणून सारे एका हातात. ३१ मे २०१६ च्या पहाटेपूर्वी तिथे भीषण आग लागून अधिकारी आणि जवान मृत्युमुखी पडले, त्यात अग्निशमन दलाचे लोक मोठ्या संख्येने होते, आणि भोवतालच्या खेड्यांतल्या माणसांना अंधारात घरे सोडून पळावे लागले. त्या खेड्यांना कुंपणाआतल्या सोयी नव्हत्या, धोका मात्र वाटून मिळाला होता. रेणुकूटच्या कुंपणाबाहेरच्या गावाशी त्यांचे नाते उघड आहे.

आज वीज शेकडो कोस नेता येते आणि त्यामुळे जुनी अट सैल झाली आहे. छत्तीसगडची वीज ७६५ किलोव्होल्टच्या तारांवरून वर्ध्याजवळच्या उपकेंद्रात येते, आणि त्या तारा पोलादाच्या गाभ्याभोवती गुंडाळलेल्या अ‍ॅल्युमिनियमच्या असतात. १९७० च्या नियंत्रण आदेशाने देशातल्या उत्पादकांना निम्मा धातू विद्युत वापरासाठी द्यायला लावला होता, तो आदेश १९८९ मध्ये उठला. ज्या धातूने विजेच्या मागे धावत दऱ्याखोऱ्यांत गावे वसवली, त्यानेच विजेला गावोगाव पोहोचवून तशा गावांची गरज कमी केली. मोठ्या भट्ट्या अजूनही स्वतःच्या वीजकेंद्रांना चिकटून आहेत, म्हणून गरज संपली म्हणणे घाईचे होईल. पण जिथे वीज, खनिज आणि माणसे तिन्ही दुरून येऊ शकतात तिथे कारखाना गाव बांधण्याच्या भानगडीत पडत नाही. वर्ध्याजवळ भूगावला १९९०च्या दशकात पोलादाचा मोठा कारखाना आला. तो आधी लॉइड्सचा होता, मग उत्तम समूहाचा झाला आणि दिवाळखोरीच्या प्रक्रियेनंतर आता एव्होनिथ या नावाने चालतो. खनिज दुरून येते, आणि पाळी संपली की कामगार वर्धा शहरात नाहीतर आपल्या खेड्यात परततो. फाटकावरची पाटी दोनदा बदलली, तेव्हा त्यांच्यातल्या बहुतेकांना घराचा पत्ता बदलावा लागला नाही.